मदत हवी आहे: चेकवर पुण्याचा कोड, पासबुकात बडोद्याचा. फॉर्मवर कुठला लिहू?

नमस्कार मंडळी. सासूबाईंच्या शेअर्सचा लाभांश थेट खात्यात जमा व्हावा म्हणून फॉर्म भरतेय, सोबत कॅन्सल चेक मागितलाय. त्यांचं बचत खातं मूळचं पुण्याचं. त्या कायमच्या आमच्याकडे बडोद्याला आल्यावर ते रावपुऱ्यातल्या शाखेत ट्रान्सफर करून घेतलं. खाते क्रमांक तोच राहिला, पासबुक नवं मिळालं, चेकबुक मात्र जुनंच चालू आहे.

चेकच्या तळाशी पांढऱ्या पट्टीवर वेगळ्याच ठशातले आकडे असतात, ते आम्ही दोघींनी भिंग घेऊन वाचले. आधी सहा आकडे, मग नऊ, पुन्हा सहा आणि शेवटी ३१. पहिले सहा म्हणजे चेकचा नंबर, तो कळला. नऊ आकडी म्हणजे एमआयसीआर कोड: पहिले तीन शहराचे, मधले तीन बँकेचे, शेवटचे तीन शाखेचे. शहराचे आकडे पिनकोडवरून घेतलेले दिसतात. चेकवर ४११ आहे, पासबुकात ३९०. आयएफएससी, म्हणजे ऑनलाइन पैसे पाठवताना लागणारा शाखेचा कोड, तोसुद्धा दोन्हीकडे वेगळा.

तर फॉर्मवर कुठला लिहायचा? आणि तिसऱ्या गटातले सहा आकडे खाते क्रमांकाशी कुठेच जुळत नाहीत. "हा दुसऱ्याच कुणाचा नंबर छापलाय की काय?" असं सासूबाई विचारताहेत. काउंटरवर विचारलं तर "चालतं हो सगळं" एवढंच उत्तर मिळालं. त्यांनी आयुष्यभर घरचा हिशेब पै-पैसा लिहून ठेवलाय. समजल्याशिवाय त्या सही करणार नाहीत, आणि मला ते अगदी योग्य वाटतं. चेकचा फोटो मुद्दाम टाकत नाही, त्यावर नाव आणि खाते क्रमांक दोन्ही आहेत. जाणकारांनी कृपया सांगावं.

प्रतिसाद १
ताई, आधी सासूबाईंची काळजी मिटवा. तो तिसरा गट बँकेच्या यंत्रणेसाठी असतो, त्याचा आणि पूर्ण खाते क्रमांकाचा मेळ बसलाच पाहिजे असं नाही. फॉर्मवर तो कुठेही लिहायचा नसतो. खरा खाते क्रमांक चेकच्या मधल्या भागात वेगळा छापलेला असतो, तो पासबुकाशी ताडून बघा. शेवटचे ३१ म्हणजे बचत खात्याचा, कुठल्याही शहरात 'ॲट पार', म्हणजे स्थानिक चेकसारखाच वटणारा चेक. चालू खात्याच्या तशा चेकवर २९ असतं.

आता मुख्य प्रश्न. खातं आज ज्या शाखेत आहे तिचेच कोड लिहा, म्हणजे ३९० वाला एमआयसीआर आणि पासबुकातला आयएफएससी. पण जुना चेक जोडलात तर कागद एक सांगेल आणि फॉर्म दुसरं, मग तो परत येण्याची शक्यता जास्त. म्हणून आधी रावपुऱ्यातून नवं चेकबुक मागवा. लाभांशाला चार दिवस उशीर झाला तरी चालेल. कॅन्सल चेकवर दोन तिरक्या रेघा मारून मध्ये 'कॅन्सल्ड' लिहा. सही करू नका.

प्रतिसाद २
वरच्या उत्तराला एक जोड. तळाचे आकडे चुंबकीय शाईचे असतात, यंत्र ते वाचतं. आता चेक एका बँकेतून दुसरीकडे कागद म्हणून जातच नाही, सीटीएस या चेक वटवण्याच्या संगणकीय पद्धतीत त्याची प्रतिमा आणि हे आकडे जातात. त्यामुळे त्या पट्टीवर पिन, घडी, शिक्का, काही नको. चेक कॅन्सल करतानाही रेघ पट्टीवरच्या आकड्यांवरून ओढू नका, कोड वाचता आला पाहिजे.

धागाकर्ती
दोघांचे मनापासून आभार. सासूबाईंना वाचून दाखवलं, खाते क्रमांक त्यांनी स्वतः एकेक आकडा बोट ठेवून ताडला. जुळला. त्यांच्या सहीची शेवटची वेलांटी थेट त्या पांढऱ्या पट्टीत उतरते, हेही आजच लक्षात आलं; आता थोडी वर सही करायची म्हणून वहीत सराव चाललाय. नव्या चेकबुकाचा अर्ज उद्या देतोय.

अजून एक विचारते. जुन्या चेकबुकातला, पुढच्या महिन्याची तारीख घातलेला एक चेक पुण्याच्या सोसायटीकडे आहे. तो तसाच राहू द्यावा, की नवा देऊन परत मागवावा?