डोहाळजेवणाच्या ब्रंचला अंड्याचा कॅसरोल: मधोमध पाणी राहतं, काय बदलू?

आंबेहळद:
पुढच्या रविवारी मैत्रिणीचं डोहाळजेवण आहे, आमच्याकडेच, अमेरिकेत न्यू जर्सीतल्या एडिसनला. सातवा संपत आलाय, दुपारी पंगतीला फार वेळ बसवत नाही म्हणाली, म्हणून सकाळी ११ चा ब्रंच ठरवला. चौदा जण आहोत, त्यातले पाच अंडं खात नाहीत. इथे ऑफिसच्या पॉटलकला, म्हणजे प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायच्या जेवणाला, असतो ना, ब्रेड-अंडी-चीजचा भाजलेला कॅसरोल, तो करायचाय. ती गेले दोन महिने त्याचंच नाव घेतेय.

मागच्या महिन्यात एकदा करून पाहिला. वरून छान खरपूस, आणि सुरी घातली तर मधे पांढरट पाणी. ताजा फ्रेंच ब्रेड, ८ अंडी, ३ कप दूध, एक पाकीट मशरूम कच्चेच चिरून, दोन टोमॅटो, चीज. ९ बाय १३ इंचाचं काचेचं भांडं, ३५० फॅरनहाइटला ४० मिनिटं. घरच्यांपुरता होता तेव्हा परत आत ढकलला. पण गरोदर बाईच्या ताटात अर्धकच्चं अंडं नको, म्हणून या वेळी चुकायचं नाहीये. नेमकं कुठे बिघडलं? आणि अंडं न खाणाऱ्यांना काय देऊ?

परसदार:
मशरूम आणि टोमॅटो. तिथेच सगळं पाणी आहे. मशरूम कोरड्या पसरट कढईत घाल, मीठ नको, तेलही नको. आधी चुरचुरतील, मग पाणी सुटून अंगच्याच रसात शिजायला लागतील. बहुतेक जण इथे गॅस बंद करतात, तू करू नकोस. ते पाणी आटून परत चुरचुर ऐकू आली आणि कडा तांबूस झाल्या की मग चमचाभर तेल, मीठ, मिरी. पाकीटभर मशरूमचे जेमतेम मूठभर राहतील, तेवढेच हवेत. टोमॅटो मी तरी वगळेन. पालक घालणार असलीस तर फ्रोझन आण आणि चक्का बांधतो तसा पंच्यात बांधून पिळ.

तव्यावरची:
परसदारांशी सहमत, पण ताजा ब्रेडही नडलाय. शिळा हवा. नसेल तर तुकडे करून ३०० ला १५ मिनिटं वाळवून घ्या. ओला ब्रेड दूध पीत नाही, दूध खाली साचतं. आणि ८ अंड्यांना ३ कप दूध जास्त होतं. माझं नेहमीचं प्रमाण: ४५० ग्रॅम ब्रेड, १० अंडी, अडीच कप दूध, सव्वादोनशे ग्रॅम चेडर चीज, चमचाभर मोहरीची पूड. हिरवी मिरची, कोथिंबीर, कांद्याची पात हवी तेवढी. शनिवारी रात्रीच थर लावून फ्रिजमध्ये ठेवा (इकडे याला स्ट्राटा म्हणतात, म्हणजे थरच), सकाळपर्यंत प्रत्येक तुकडा आतपर्यंत भिजतो. इंडियन ग्रोसरीतला लादीपाव दोन दिवस शिळा करून वापरून बघा, फ्रेंच ब्रेडपेक्षा मला तो आवडतो. कवच चिवट होत नाही.

लिंबूफोड:
वेळेवर विसंबू नका, थर्मामीटर घ्या. अंड्याच्या पदार्थाच्या मध्यभागी १६० फॅरनहाइट, म्हणजे ७१ सेल्सियस, हा अमेरिकेच्या कृषी खात्याने दिलेला आकडा आहे. सुरी स्वच्छ निघाली तरी गरोदर बाईसाठी मी आकडा बघितल्याशिवाय वाढणार नाही. टोक बरोब्बर मधे, भांड्याच्या तळाला न टेकवता.

दुसरं, फ्रिजमधलं गार काचेचं भांडं तापल्या ओव्हनमध्ये ठेवू नका, तडकतं. धातूचा ट्रे घ्या. वापरून टाकायचा अ‍ॅल्युमिनियमचा चालेल, पण खाली जाड बेकिंग शीट ठेवा, नाहीतर उचलताना मधून वाकतो.

आंबेहळद:
किती नेमकं सांगितलंत सगळ्यांनी! शनिवारी रात्रीच भाजून रविवारी गरम केला तर? सकाळी ओटी, फुलांचे दागिने, सगळंच असणार.

तव्यावरची:
नको. परत गरम केला की अंडं रबरासारखं होतं आणि पाणी सोडतं, मग पुन्हा तेच. रात्री थर लावलेत की सकाळी काम उरतच नाही. ९ ला ओव्हन लावा आणि ट्रे बाहेर काढा. साडेनऊला फॉइल झाकून आत. १० ला फॉइल काढा. १०:२५ पासून तापमान बघायला लागा. बाहेर काढल्यावर १५ मिनिटं हात लावू नका, तेवढ्यात तो बसतो आणि वड्या सरळ पडतात.

दुधीभोपळा:
पाचजणांसाठी हांडवो करा. मुलुंडला आमच्या मजल्यावर सगळी गुजराती बिऱ्हाडं, त्यांच्याकडेच शिकले. तांदूळ १ वाटी, हरभरा डाळ अर्धी, तूर डाळ पाव, उडीद डाळ २ चमचे, ५-६ तास भिजवून आंबट दह्यात रवाळ वाटा आणि रात्रभर आंबवा. सकाळी किसलेला दुधी, आलं-मिरची, हळद, मीठ, चिमूटभर साखर. घालायच्या वेळी इनो. वरून मोहरी, हिंग आणि सढळ तिळाची फोडणी. ८ बाय ८ च्या भांड्यात ३५० ला ४५ मिनिटं किंवा तिळाचा थर सोनेरी होईतो. शुक्रवारी आंबवून शनिवारी भाजून टाका, ओव्हन रविवारी मोकळा. खायच्या आधी वड्या तव्यावर तेल सोडून दोन्ही बाजूंनी शेका. कॅसरोलची सुरी आणि उलथनं या वड्यांना लावू नका, पाळणाऱ्यांना ते महत्त्वाचं असतं.

आंबेहळद:
कालच झालं. लादीपाव, पालक, आटवलेले मशरूम. १०:२५ ला मधे १५२ आला. वरून इतका फुगून तांबूस झाला होता की थर्मामीटर नसता तर काढलाच असता. अजून ८ मिनिटं दिली, १६३. बारा वड्या पडल्या, तळाला थेंबभर पाणी नाही. कोपऱ्याच्या दोन तिने आधीच सांगून ठेवल्या होत्या. हांडवो मात्र अंडं खाणाऱ्यांनीच निम्मा संपवला, पुढच्या वेळी दुप्पट.

शेवकांदा:
आम्ही चौघंच आहोत. निम्मं प्रमाण चालेल?

तव्यावरची:
चालेल. ५ अंडी, सव्वा कप दूध, ८ बाय ८ चं भांडं. ३५ मिनिटांपासून तापमान बघा.