नाद, छंद, ध्यास : साकाता सान्किचीसाठी कोणता शब्द?

शोगी म्हणजे जपानी बुद्धिबळ. त्यातल्या साकाता सान्किचीवर (1870–1946) लिहितोय आणि एका शब्दापाशी अडलोय. ओसाकाजवळच्या साकाई गावात वहाणा करणाऱ्या गरीब घरातला हा माणूस. लिहिता-वाचता जवळजवळ येत नसे, पण पटावर भल्याभल्यांना भारी. त्याला शोगीचं काय होतं म्हणावं? 'छंद' फार मवाळ वाटतो. पूर्वी हरिनामाचा छंद लागायचा. आता तिकिटं जमवण्यापुरता उरलाय. 'व्यसन' म्हटलं की दारू आठवते.

— 'नाद' लिहा. नाद लागतो एकाला, पण तो शब्द वापरतात घरची माणसं. 'ह्यांना नाद लागलाय' असं बायको म्हणते. खेळणारा स्वतः तसं म्हणत नाही. घरावर तुळशीपत्र ठेवून पटाशी बसलेल्या माणसाला दुसरा शब्दच नाही. कोल्हापुरात 'नादखुळा' ही शाबासकी आहे खरी, पण तीही बाहेरच्यांनी दिलेली. चूल पेटवायची असते तिच्या तोंडी 'नाद' तक्रारीचाच.

— जपानीत यासाठी 'दोराकु' आहे. 'दो' म्हणजे मार्ग, 'राकु' म्हणजे आनंद. मूळ बौद्ध अर्थ, धर्ममार्ग गवसल्याचा आनंद. पुढे त्याचाच अर्थ झाला शौक, आणि घर बुडवणाऱ्याला म्हणू लागले 'दोराकुमोनो'. आपल्याला जे 'ध्यास' आणि 'नाद' असं वेगळं करावं लागतं, ते तिथं एकाच शब्दात नांदतं. साकाताच्या आयुष्यावर 1947 साली आलेल्या नाटकात बायको पोरांना घेऊन जीव द्यायला रेल्वेरुळांकडे निघते. तो खेळ सोडायला तयार होतो, तेव्हा तीच म्हणते, खेळायचंच तर जपानात पहिले व्हा. (नाटकातला प्रसंग आहे, खरी घटना म्हणून चरित्रात घालू नका.) नादाचा ध्यास तिथं झाला, आणि तो तिनं केला. माझ्या मते हा शब्द बदलण्याचा हक्क तिचाच होता.

— हे पटलं. म्हणजे तिच्या तोंडी आधी 'नाद' आणि त्या प्रसंगानंतर 'ध्यास'. एक अडचण उरते. 1913 साली सेकिने किंजिरोविरुद्धच्या डावात स्वतःचं 'गिन्', म्हणजे चांदीचा सेनापती, अडचणीत सापडलं, त्याबद्दल साकाता म्हणाला होता, 'गिन् रडतंय.' तिथं 'मोहरा रडतोय' लिहिलं तर चांदी हरवते.

— 'चांदी रडतेय' असंच ठेवा. मोहरा कुठला ते आधीच्या ओळीत सांगून टाका. ज्याला पटावरच्या लाकडी तुकड्याचं रडू ऐकू येत होतं, त्याच्यासाठी मला तरी 'नाद'च बरोबर वाटतो, आवाज या पहिल्या अर्थानंसुद्धा.