हिसालूचं रोप सह्याद्रीत लावावं का?

रानवाटा: मे महिन्यात उत्तराखंडातल्या कुमाऊंत बिनसरकडे फिरताना वाटेच्या कडेला काटेरी झुडपं पिवळ्या फळांनी लगडलेली दिसली. गावातल्या मुलींनी नाव सांगितलं हिसालू. आंबटगोड, जिभेवर ठेवताच विरघळणारं! आमचं शेत महाबळेश्वरच्या बाजूला आहे. पुढच्या वेळी मुळासकट एखादा फुटवा आणून बांधावर लावायचा विचार आहे. ही रास्पबेरीच ना?

अरण्यसखी: रास्पबेरीच. शास्त्रीय नाव रुबस इलिप्टिकस, गुलाबाच्या कुळातली. फळ तोडलं की मधला गाभा देठावरच राहतो आणि हातात पोकळ टोपी येते. ब्लॅकबेरीचा गाभा फळाबरोबरच निघतो. पान तीन दलांचं, खोडावर वाकडे काटे आणि दाट तांबूस राठ केस, एवढं जुळलं की शंका नको.

पण फुटवा आणू नका, अगदी कळकळीने सांगते. हवाई बेटांवर ही झुडपं फळांसाठीच नेली होती. पक्ष्यांनी फळं खाल्ली, बिया रानभर पडल्या. वरून छाटावं तर मुळांतून पुन्हा कोंब येतात. तिथल्या दमट जंगलात आता हिची माणूसभर उंचीची जाळी माजली आहे आणि खाली स्थानिक रोपांना उजेड मिळत नाही. आययूसीएन या निसर्गसंवर्धनाच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या जगातल्या १०० घातक आक्रमक प्रजातींच्या यादीत हिचं नाव आहे. पाऊस, धुकं, फळं खाणारे पक्षी हे सगळं तुमच्या शेताभोवतीही आहेच. बांधावरचं झुडूप बांधावर राहणार नाही. हिमालयात ती घरची आहे. तिथे पक्ष्यांना, अस्वलांना तिचा आधार आहे.

रानवाटा: हवाईचं माहीत नव्हतं. मग नाही आणत. कुमाऊंत काळी-जांभळी फळंही होती, ती हीच का?

अरण्यसखी: नाही, ती रुबस निव्हियस असावी. तिच्या फांद्यांवर पांढरट लेप असतो आणि पानाची खालची बाजू पांढरी. ती आपल्या दक्षिणेकडच्या डोंगरांतही मूळचीच आहे, मात्र गॅलापागोस बेटांवर तिनेही असाच उच्छाद मांडला.

डोंगरयात्री: पिवळं हिसालू फार नाजूक असतं, तोडल्यावर दिवसभरातच पाणी सुटतं. त्यामुळे डबा भरून घरी आणायच्या फंदात पडू नका. गावातली पोरं विकत असतील तर त्यांच्याकडून घ्या आणि तिथेच बसून खा.