तिखट होतं, पण पाणचट लागतं: शाकाहारी नूडल सूपला चव कशी आणू?

नौपाडेकर_ताई
नमस्कार मंडळी. रविवारी पावसामुळे कुणी बाहेर पडलं नाही, म्हणून घरी नूडल सूप केलं. आमच्याकडे अंडं चालत नाही, सासूबाई मशरूमही खात नाहीत. गाजर-कोबी उकळून पाणी गाळून घेतलं, त्यात आलं-लसूण, सोया सॉस आणि वरून दोन चमचे लाल तिखट. घशाला ठसका बसला, पण जिभेवर चव म्हणून काही राहिली नाही. नूडल्स त्याच पातेल्यात शिजवल्या, तर दहा मिनिटांत फुगून सगळी खळ झाली. शनिवारी लेकीचा वाढदिवस आहे आणि तिला हेच हवंय. नेमकं कुठे चुकतंय?

ऐरोलीचा_खवय्या
ताई, तिखटाला हात लावू नका, आधी पाणी बदला. कोबीच्या पाण्यात अंगच नसतं.

वाटीभर हरभरा डाळ सहा वाट्या पाण्यात मऊ शिजवा आणि पुरणाला काढतो तसा कट काढून घ्या. कटाची आमटी नुसत्या पाण्याची का करत नाहीत, ते आपल्याला माहीतच आहे. सूपलाही तोच न्याय. दोन कांदे अर्धे चिरून आणि बोटभर आलं थेट गॅसवर काळं होईस्तोवर भाजा. तीन पिकलेले टोमॅटो तेल सुटेपर्यंत परता. हे सगळं कटात घालून वीस मिनिटं मंद उकळा, गाळा, मग सोया सॉस. टोमॅटोत आणि सोया सॉसमध्ये ग्लुटामेट असतं, जिभेवर रेंगाळणारी भरीव चव त्यानेच येते. इकेदा या जपानी रसायनशास्त्रज्ञाने 1908 मध्ये कोंबू नावाच्या समुद्री शेवाळातून तेच वेगळं काढलं आणि त्या चवीला उमामी नाव दिलं. कोंबू मिळालं तर बोटभर तुकडा घाला, ते शाकाहारीच आहे.

आता तिखट. मिरचीतलं कॅप्सेसिन पाण्यात जेमतेम विरघळतं, तेलात छान उतरतं. वाडग्यात दोन चमचे ब्याडगीचं तिखट, अर्धा चमचा लवंगीचं, चमचाभर तीळ, मीठ. पाव वाटी तेल तापवून गॅस बंद करा आणि एक तीळ टाकून बघा. त्याच्याभोवती बारीक बुडबुडे आले पण तो लगेच काळा पडला नाही, की तेल तिखटावर ओता. फेस येऊन खाली बसतो आणि तेल गडद लाल होतं. हे वाढताना ज्याने त्याने आपल्या बेताने घ्यायचं, म्हणजे सासूबाईंचीही सोय होते.

आमच्या शेजारच्या दार्जिलिंगच्या दीदी थुक्पा, म्हणजे तिकडचं नूडल सूप, करतात. नूडल्स वेगळ्या उकडून त्या नळाखाली दोन्ही हातांनी चोळून धुतात, पाणी स्वच्छ निघेपर्यंत. वरचा स्टार्च गेला की खळ होत नाही. मग थेंबभर तेल लावून ठेवायच्या आणि सूप अगदी वाढताना ओतायचं.

कळव्याची_सुगरण
कटाचं अगदी पटलं! नूडल्स घरी करणार असशील तर पापडखार वापर गं. रामेनच्या पिठात जपानी लोक खाराचं पाणीच घालतात, त्यानेच नूडल पिवळसर आणि चिवट होते. 200 ग्रॅम मैद्याला सपाट पाव चमचा खार, 80 ते 90 मिली पाण्यात विरघळवून. पीठ घट्टच वाटेल, पण पाणी वाढवू नकोस. ओल्या फडक्याखाली तासभर ठेव, आपोआप वळतं.

वाशीकर_17
कोरियन-जपानी मसाला, किमची वगैरे विकत घेताना पाकिटावर हिरवा ठिपका बघाच. बऱ्याचदा त्यात मासळी असते.

नौपाडेकर_ताई
सगळ्यांचे मनापासून आभार! काल रंगीत तालीम केली. जांभळी नाक्याहून ब्याडगी आणली, नूडल्स सध्या विकतच्याच. भाजलेल्या कांद्याचा वास आला तशा सासूबाई आतून विचारत्या झाल्या, काळं वाटण करतेयस का? त्यांनी लाल तेल न घेता लिंबू पिळून वाडगाभर प्यायलं. लेकीने तेल तीनदा घेतलं. सोया सॉस मात्र मला जरा जास्त झाला, कटात आधी मीठ घातलं होतं म्हणून. शनिवारी मीठ शेवटी घालेन. एकच विचारायचंय, कट आदल्या रात्री काढून ठेवला तर चालेल का?

ऐरोलीचा_खवय्या
चालेल, गार झाला की लगेच फ्रीजमध्ये ठेवा. सकाळी घट्ट झालेला दिसेल, गरम पाणी घालून सारखा करा आणि पुन्हा खळखळून उकळा. उरलेल्या डाळीचं पुरण करा, वाढदिवस आहे!