एमरी डग्लस आणि दोन रंगांचं वर्तमानपत्र

चित्रं काढून वस्तीचं भलं कसं होणार, असं कुणी विचारलं की मला लगेच चित्रकार एमरी डग्लस आठवतात. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणारी ब्लॅक पँथर पार्टी 1966 साली कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये निघाली आणि पुढच्याच वर्षापासून तिच्या वर्तमानपत्राची चित्रं-मांडणी डग्लसांकडे आली. पदाचं नाव थेट 'संस्कृतिमंत्री'! छपाईची ओळख त्यांना पोरवयात सुधारगृहाच्या छापखान्यात झाली, मग कमर्शियल आर्ट शिकले.

पैसे नव्हते, म्हणून बऱ्याचदा काळा आणि जोडीला एखादाच रंग. पण ती जाडजूड काळी रेघ बघा, लाकडात कोरून छापल्यासारखी वाटते. लोक वाचण्यापेक्षा बघून जास्त शिकतात हे त्यांनी ओळखलं होतं. शेवटचं पान म्हणजे पोस्टरच, भिंतीवर डकवायला तयार.

पोलिसांना डुक्कर केलेली चित्रं गाजली, बंदुकाही भरपूर आहेत. मला स्वतःला नंतरची जास्त आवडतात. किराण्याची पिशवी कवेत घेतलेली बाई. चष्मा लावलेला पोरगा, काचांमध्ये लहान मुलांचे फोटो. पार्टी तेव्हा पोरांना फुकट न्याहारी देत होती, धान्य वाटत होती. चित्रातली माणसं म्हणजे त्याच रांगेतले शेजारीपाजारी. स्वतःचा चेहरा असा रुबाबात छापलेला त्यांनी एरवी कुठे बघितला असणार?

आपल्याकडे 1972 ला ढसाळ, ज. वि. पवार वगैरेंनी दलित पँथर काढली ती याच पार्टीचं नाव घेऊन. फक्त इथे कवितेचा जोर जास्त होता.