मदत हवी आहे : नवऱ्याचं ग्रामपंचायतीचं कंत्राट असेल तर बायकोचा अर्ज बाद होतो का?

नमस्कार मंडळी,

आमची वहिनी यंदा सरपंचपदाला उभी राहतेय, जागा महिला राखीव आहे. अपत्यं दोनच, घरपट्टी-पाणीपट्टी भरलेली, अतिक्रमण नाही, म्हणजे नेहमीच्या फटी बुजवून झाल्या. घोडं अडलंय ते दादाच्या धंद्यावर. तो नोंदणीकृत ठेकेदार आहे. आपल्याच ग्रामपंचायतीचं पेव्हर ब्लॉकचं काम त्याने केलं. ते पूर्ण झालंय, मोजमाप पुस्तिकेत नोंदही झाली, पण शेवटचं बिल आणि अनामत अजून अडकलेली आहे. दुसरं काम सार्वजनिक बांधकाम विभागाच्या रस्त्याचं, ते निम्म्यावर आहे.

समोरच्या पॅनलचा एक जण पारावर बसून सांगतोय, "बिल निघालं नाही तोवर कंत्राट जिवंत. छाननीला हरकत घेणारच." मी लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम ९अ वाचलं. ठेकेदाराने काम पूर्ण केलं असेल तर केवळ सरकारने पैसे थकवले म्हणून कंत्राट चालू आहे असं धरायचं नाही, असं त्यात स्पष्ट लिहिलंय. मग वहिनी सुटली ना? आणि कंत्राट तिच्या नावावर तर नाहीच.

प्रतिसाद १

जरा थांबा. ९अ लागतं आमदार-खासदारकीला. सरपंचाला लागतो ग्रामपंचायत अधिनियम, १९५८, कलम १४(१)(ग). त्याचे शब्द फार रुंद आहेत : पंचायतीच्या हुकमाने केलेल्या कामात किंवा पंचायतीशी केलेल्या करारात प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष, स्वतःचा किंवा भागीदारामार्फत हिस्सा किंवा हितसंबंध नको. ९अ मध्ये अपात्र ठरायला उमेदवाराने स्वतः धंद्याच्या ओघात केलेलं कंत्राट लागतं, आणि तेही 'समुचित सरकार'शी, म्हणजे विधानसभेला राज्य सरकार, लोकसभेला केंद्र.

म्हणून गंमत अशी, की तुम्हाला ज्याची धास्ती असेल ते रस्त्याचं चालू काम इथे आड येत नाही, कारण तो करार पंचायतीशी नाही. जे तुम्ही संपलं म्हणताय तेच पेव्हर ब्लॉकचं आड येऊ शकतं. आणि हो, छाननीत वाचलात तरी विषय मिटत नाही. निवडून आल्यावर कलम १६ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज जातो.

प्रतिसाद २

आम्ही भंडाऱ्याचे, त्यामुळे हा विषय घरचा. पहिल्या लोकसभा निवडणुकीत इथून चतुर्भुज जसानी निवडून आले होते. ते बिडी कंपनीत भागीदार, आणि कंपनी सैन्याच्या कॅन्टीनसाठी सरकारला बिड्या पुरवायची. १९५४ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना अपात्र धरलं. सरकारी करारनाम्याचा रीतसर साचा पाळला नव्हता, तरी कंत्राट ते कंत्राटच, असं म्हणून. तेव्हाच्या कायद्यात 'हिस्सा किंवा हितसंबंध' असे शब्द होते. पुढच्या दुरुस्त्यांत ते शब्द गेले, १९६६ ला ९अ आलं आणि दिल्ली-मुंबईच्या उमेदवारांचं दार रुंद झालं. गावच्या सरपंचाचं मात्र अजून तसंच अरुंद. हे मला कधीच पटलेलं नाही.

भालकीचं (बिदर जिल्हा) प्रकरणही वाचा. १९९९ ला निवडून आलेल्या आमदाराचं सरकारी कंत्राट छाननीच्या दिवशी चालू होतं. २००२ साली सर्वोच्च न्यायालयात निवड रद्दच राहिली. फक्त दुसऱ्या क्रमांकाच्या उमेदवाराला विजयी केलं नाही. तेव्हा पारावरच्या त्या गृहस्थाला सांगा, हरकत जिंकलास तरी खुर्ची आयती मिळेलच असं नाही.

धागाकर्ता

दोघांचे आभार. पण नवरा-बायकोचं काय? नुसतं नातं म्हणजे हितसंबंध का?

प्रतिसाद १

नुसतं नातं नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या १९६६ च्या गुलाम यासीन खान निकालात मुलगा नगरपालिकेत नोकरीला होता, तरी उमेदवार बापाचा हितसंबंध मानला नाही. उलट २०१२ साली गोव्याच्या एका पंचायत सदस्येला नवऱ्याच्या पंचायतीकडच्या कंत्राटामुळे पद गमवावं लागलं. पण तिथे पोर्तुगीज काळापासूनच्या कायद्याने नवरा-बायकोची मिळकत सामाईक असते. आपल्याकडे तसं नाही, म्हणून तो निकाल जसाच्या तसा लागू होत नाही. तरी समोरचा वकील तो दाखवणार हे धरून चाला. पैसा कुठून कुठे जातो ते तपासा. फर्म एकट्या दादांची की भागीदारीची? वहिनी जामीन आहेत का? बँक खातं कुणाचं?

धागाकर्ता

आत्ताच वहिनीला विचारलं. फर्म दादाची एकट्याची. पण चालू खातं दोघांच्या नावावर, आणि सिमेंटवाल्याचे चेक तिच्या सहीचे. अर्ज भरायला नऊ दिवस उरलेत आणि ग्रामसेवक रजेवर.

प्रतिसाद १

मग आज दोन कामं करा. पूर्णत्वाच्या दाखल्यासाठी आणि अंतिम बिलासाठी पंचायतीत लेखी अर्ज द्या, आवक क्रमांकाची पोच घ्या. ग्रामसेवक नसतील तर गटविकास अधिकाऱ्यांकडे द्या. आणि सगळे कागद घेऊन तालुक्याच्या वकिलाला गाठा. खात्यावरून वहिनींचं नाव घाईघाईने काढू नका. छाननीच्या तोंडावर केलेला बदल हरकत घेणाऱ्यालाच सोयीचा पडेल.

प्रतिसाद २

पर्यायी उमेदवाराचा अर्जही भरून ठेवा. दादांच्या घरातली नको, चुलतघरातली चालेल.