कच्च्या पालकाचं सॅलड: तिखट, दाट ड्रेसिंग पानांवर टिकतच नाही

मृण्मयी_कॉलेजरोड:

नमस्कार मंडळी. मध्यंतरी गंगापूर रोडच्या एका हॉटेलात कच्च्या पालकाचं सॅलड खाल्लं. पानं कुरकुरीत, वर फिकट केशरी रंगाचं दाटसर ड्रेसिंग. पहिला घास गार लागतो आणि मग मागून लसूण-मिरचीचा झणका येतो. आमचे हे पालक डाळीत दिसला तरी ताटाच्या कडेला काढतात, पण त्या दिवशी बशी चाटूनपुसून साफ.

घरी दह्यात लाल तिखट, मीठ, ठेचलेला लसूण घालून करून पाहिलं. सगळे जेवायला बसेपर्यंत भांड्याच्या तळाशी गुलाबी पाणी आणि वर पानांचा लगदा. तिखट वाढवलं तर झणका येत नाही, नुसता कच्च्या तिखटाचा वास येतो. शिवाय खाल्ल्यावर दात खरखरीत होतात ते वेगळंच.

मेयॉनीज नकोय. सासूबाई अंडं खात नाहीत आणि बिनअंड्याचं बाटलीतलं मला गोड गोड लागतं. शनिवारी नणंद आणि तिची मुलं येतायत, म्हणजे आम्ही सहा जण. कोणी नीट समजावून सांगेल का?

भद्रकाली_भजीप्रेमी:

नाशिकची थंडी, ताजा पालक, आणि तुम्ही तो कच्चा खाताय? बेसन घ्या, ओवा घाला, कढई ठेवा. प्रश्न मिटला.

डबेवाली_इंदिरानगर:

भजीवाले दादा, तुमचा नंबर नंतर. मृण्मयी, मी डबे करते. सातपूर-अंबडच्या ऑफिसांत हल्ली निम्म्या मुलींना दुपारी पोळीऐवजी सॅलड हवं असतं. सकाळी भरलेला डबा ती दीड वाजता उघडते, तेव्हा पान उभं दिसलं पाहिजे. नाहीतर फोन येतोच.

तुझं ड्रेसिंग नंतर बघू. आधी पानं कोरडी कर. ओल्या पानाला दही धरत नाही, घसरून खाली जातं. पालक निवडताना देठ पूर्ण काढ (फेकू नकोस, डाळीत टाक). मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी घेऊन पानं बुडव, हलव आणि हाताने वर उचलून घे. पातेलं चाळणीत उपडं करू नको, तळाला बसलेली माती परत पानांवरच येते. पाणी बदलून असं तीनदा, तळाला कण दिसेनासे होईपर्यंत. शेवटचं पाणी बर्फाचं घे, त्यात दहा मिनिटं ठेवलं की मरगळलेलं पानही ताठ होतं.

मग जुना सुती पंचा पसर, त्यावर पानं टाक, चारी टोकं एकत्र धरून गाठोडं कर आणि गॅलरीत जाऊन गोफणीसारखं गरगर फिरव. समोरच्या बिल्डिंगमधले बघतात, बघू देत. तेच गाठोडं तसंच डब्यात घालून तासभर फ्रिजमध्ये ठेव. बाहेर काढल्यावर पान हातात मोडलं तर टक्‌ असा आवाज आला पाहिजे.

आता ड्रेसिंग. सहा जणांना निवडून तीनशे ग्रॅम पानं पुरतील, त्या बेताने सांगते. अर्धा किलो दही मलमलच्या फडक्यात बांधून टांग. श्रीखंडाइतका घट्ट चक्का नकोय, तासाभरात काढ. पंधरा काजू गरम पाण्यात अर्धा तास भिजवून दोन चमचे दह्याबरोबर मिक्सरमधून अगदी गंधासारखे वाट. क्रीम न घालता जो गुळगुळीतपणा येतो तो ह्या काजूंचा. हॉटेलात बहुतेक मेयॉनीजच असतं, पण चव म्हणशील तर मला दही-काजूच सरस वाटतं, आंबटपणा जिवंत राहतो.

झणका का येत नाही ते ऐक. मिरचीचा तिखटपणा तेलात उतरतो, पाण्यात फारसा उतरत नाही. आणि दूध-दह्यातली प्रथिनं तो उलट मारतात. मिसळीचा रस्सा झोंबला की आपण दही मागतो ना, मग दह्यातच कोरडं तिखट कालवून ते झोंबेल कसं? म्हणून तीन चमचे शेंगदाणा तेल तापव, गॅस बंद कर, दोन-तीन मिनिटं थांब. जिरं टाकलं तर हळूच बुडबुडे येतील इतपत निवलं की त्यात एक चमचा बेडगीचं आणि अर्धा चमचा लवंगीचं तिखट घाल. बेडगी रंगाला, लवंगी जिभेला. तेल जास्त गरम असलं तर तिखट जळून कडू होतं, तेव्हा इथे घाई नको. हे तेल पूर्ण गार झाल्यावरच दह्यात घालायचं.

लसूण ठेचून थेट दह्यात घातला की संध्याकाळपर्यंत उग्र होतो. चार पाकळ्या किसून एका लिंबाच्या रसात दहा मिनिटं ठेव. लिंबाने त्याची धार कमी होते, वास मात्र राहतो. शिवाय पाव चमचा मोहरीची पूड चमचाभर पाण्यात फेसून घाल, जशी आपण केळ्याच्या रायत्यात घालतो तशी. नाकात चढणारा जो झणका तुला हवाय, त्यातला अर्धा ह्या मोहरीचा असणार. चमचाभर मध, मीठ. सगळं एकत्र फेटलं की चमच्याच्या पाठीवर जाड थर बसला पाहिजे. फार घट्ट वाटलं तर टांगलेल्या दह्याचंच पाणी थोडं घाल.

मीठ फक्त ड्रेसिंगमध्ये, पानांवर वेगळं भुरभुरायचं नाही. मीठ लागलं की पान पाणी सोडतं, तुझं गुलाबी पाणी ते हेच. त्यामुळे कालवायचं ते ताटं मांडून झाल्यावर, हाताने, आणि आधी निम्मंच ड्रेसिंग घालून. उरलेलं वाटीत बाजूला ठेव, ज्याला हवं तो घेईल. डब्यात मी ते वेगळ्या छोट्या डबीत देते.

वरून काय घालायचं? बाजारात द्राक्षं आली असतील तर उभी अर्धी कापून, नाहीतर डाळिंबाचे दाणे. कांदा पातळ उभा चिरून गार पाण्यात ठेवलेला. भरडलेले भाजके शेंगदाणे. आणि मुलं येतायत म्हणून सांगते, वाढताना मूठभर कोंडाजीचा चिवडा वरून टाक. सॅलडवाल्या मुली नाकं मुरडतील, पण ताट रिकामं होतं.

मखमलाबाद_मळेकर:

ताईंनी करायचं सांगितलं, मी आणायचं सांगतो. आपल्याकडं बाजारात येतो तो पालक बहुतेक ऑलग्रीन बियाण्याचा. तो खरं तर बीटाच्या जातीचा. परदेशातल्या सॅलडमध्ये असतो तो पालक निराळा, त्याची पानं पातळ आणि चवीला सौम्य. आपलं पान जाड, देठ रसाळ. मोठं झालेलं आपलं पान कच्चं खायला रेटावं लागतं, मग हॉटेलसारखं कसं लागणार?

पेरल्यावर साधारण महिन्याभरात पहिली कापणी होते, पुढं दर पंधरा-वीस दिवसांनी. सॅलडला पहिल्या कापणीचाच घ्या. ओळखायचा असा: पान तळहातापेक्षा लहान, देठ नखानं कट्‌कन तुटतो, जुडीत जाड बुडखे नसतात. हिरवागार मोठ्या पानांचा पालक दिसायला झकास, पण तो भाजीचा. बुधवारी गंगेवरच्या, म्हणजे गोदाकाठच्या बाजारात सकाळी लवकर गेलात तर मळ्यातून थेट आणलेला मिळतो, दुपारपर्यंत पाणी मारून मारून त्याचा जीव गेलेला असतो. विकणाऱ्याला सरळ विचारा, विहिरीच्या पाण्याचा आहे की नाल्याच्या. कच्चं खायचंय म्हटल्यावर विचारायला लाजायचं काय त्यात? पण तुमचा बेत शनिवारचा, तेव्हा शुक्रवारी संध्याकाळी किंवा त्याच दिवशी सकाळी आणा. बुधवारचा ठेवू नका.

उन्हाळ्यात हा नाद सोडा. ऊन वाढलं की पालक लवकर फुलावर येतो, पानं राठ होतात.

मृण्मयी_कॉलेजरोड:

डबेवाली ताई, मळेकर काका, दोघांनाही दंडवत! दातांचं मात्र कोणीच सांगितलं नाही. आणि एक विचारायचं राहिलं. सासूबाईंना हृदयाच्या झडपेच्या ऑपरेशननंतर रक्त पातळ होण्याची गोळी चालू आहे. त्यांना वाढलं तर चालेल ना?

गोळीबंद:

औषधाच्या दुकानात उभा असतो, म्हणून लिहितोय. गोळीचं नाव बघा. वॉरफरिन किंवा अ‍ॅसिनोकुमारॉल असेल तर जपा. पालकात के जीवनसत्त्व भरपूर असतं आणि ते ह्या गोळ्यांच्या उलट काम करतं. पालेभाजी बंद करा असं नाही, पण एरवी न खाणाऱ्या माणसाने एकदम वाटीभर कच्चा पालक खाल्ला तर आयएनआरचा, म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो ते दाखवणारा तपासणीचा आकडा हलू शकतो. रोजच्या खाण्यात पालेभाजीचं प्रमाण साधारण सारखं ठेवायचं असतं. शनिवारच्या आत त्यांच्या डॉक्टरांना एक फोन करा, इथल्या आमच्या सल्ल्यावर जाऊ नका.

दातांचं कारण पालकातलं ऑक्झॅलिक आम्ल. दह्यातलं कॅल्शियम त्याला बांधून घेतं, म्हणून दही-काजूच्या ड्रेसिंगमध्ये खरखर कमी जाणवेल. त्याच कारणाने ज्यांना ऑक्झॅलेटचे मुतखडे झालेत त्यांनी कच्च्या पालकाची वाटी परत परत भरू नये. आणि पालकातलं लोह शरीराला सहजी मिळत नाही, लिंबाने ते थोडं जास्त मिळतं. तेव्हा ताईंचं लिंबू वगळू नका.

भद्रकाली_भजीप्रेमी:

भज्यांबद्दल कोणालाच काही शंका नसते, हे लक्षात घ्या.

डबेवाली_इंदिरानगर:

दादा, तुमच्यासाठी हेच तिखट ड्रेसिंग भज्यांबरोबर चटणी म्हणून घेऊन बघा, मग बोला.

मृण्मयी, सासूबाईंसाठी डॉक्टर नको म्हणाले तर त्याच ड्रेसिंगमध्ये काकडी आणि कांदा कालव. काकडी चिरून, मीठ लावून, पिळून घे, म्हणजे तिचंही पाणी होणार नाही. एकाच भांड्यातून वाढलं की त्यांना वेगळं काढल्यासारखं वाटायला नको, म्हणून मी तर काकडीचं थोडं सगळ्यांच्याच ताटात वाढेन.

लहान मुलांच्या वाटणीच्या ड्रेसिंगमध्ये लवंगी घालू नको, नुसती बेडगी. म्हणजे तेल दोन वाट्यांत वेगवेगळं कर. दही शुक्रवारी रात्रीच टांगलंस तर फ्रिजमध्ये टांग, बाहेर ठेवलं तर आंबट होईल. खाली जमलेलं पाणी थालीपिठाच्या भाजणीत घालून मळ.

मृण्मयी_कॉलेजरोड:

डॉक्टरांशी बोलले. आत्ता आयएनआर बसतोय, तेव्हा पालक नको म्हणाले. त्यामुळे सासूबाईंना काकडीच. मळेकर काका, शुक्रवारी संध्याकाळी पंचवटीत कोवळा मिळेल का, की शनिवारी पहाटेच निघू?

मखमलाबाद_मळेकर:

शनिवारी सकाळीच. आदल्या संध्याकाळचा माल रात्रभर पोत्यात गरम होतो. साडेसहाच्या आत पोचा.